जुन्नर-आंबेगांवच्या डोंगरांतील बंडें आणि शेतकऱ्याचें कर्जखत

घोडेगांवाहून आहुप्याच्या वाटेनें, किंवा जुन्नराहून नाणेघाटाकडे जो शेतकरी कधीं गेला असेल, त्यानें जमिनीचा पालट पाहिलाच असेल. नारायणगांव-मंचरकडचा ऊंस, कांदा व द्राक्षांचा सपाट मुलूख मागें पडतो आणि डोंगरांच्या कुशींत भाताचीं लहान लहान खाचरें, उतारावर नाचणी-वरई, बांधाकांठीं हिरड्याचीं झाडें व पुढें कड्यापर्यंत जंगल असा देखावा लागतो. हा मुलूख मुख्यतः महादेव कोळी लोकांचा. इंग्रजी अंमल सुरू झाल्यापासून साठ वर्षांच्या आंत या खोऱ्यांनीं एकामागून एक चार वेळां शस्त्र उचललें. सरकारी कागदांत यांस दरवडे म्हटलें आहे, आणि गांवोगांवच्या आठवणींत त्यांस पराक्रम म्हटलें जातें. आपण शेतकरी आहों. तेव्हां या बंडांकडे शेतकऱ्याच्या दृष्टीनें पाहून तीं कशावरून झालीं, आणि त्यांतून आपल्या वांट्यास आज काय आलें आहे, हें या लेखांत सांगण्याचा विचार आहे.

किल्ले गेले, हक्क गेले

१८१८ मध्यें पेशवाई बुडाली आणि त्याच वर्षीं मेजर एल्ड्रिज याच्या पलटणीनें जुन्नरच्या आसपासचे किल्ले घेतले. चावंड व जीवधन यांच्या पायऱ्या सुरुंग लावून उडविण्यांत आल्या. त्या तुटलेल्या वाटा आजही पाहावयास मिळतात. किल्ल्याचा दगड फुटला याहून मोठी गोष्ट अशी कीं, किल्ल्यावर व घाटावर राखण करणाऱ्या कोळी नाइकांचें काम फुटलें. राखणीबद्दल मिळणारें वेतन, धान्य व हक्क हा डोंगरी कुटुंबाच्या संसाराचा अर्धा आधार होता, कारण तेथील जमीन एकटी वर्षभर पोसणारी नव्हे. नव्या सरकारनें शिबंदी मोडली व हक्क कमी केले. ज्या माणसाच्या हातांत पिढ्यान् पिढ्या भाला होता, त्याच्या हातांत आतां नुसता नांगर उरला, आणि तोही उतारावरचा.

पहिलें बंड १८२८ ते १८३० च्या दरम्यान रामजी भांगरे यांच्या पुढारीपणाखालीं झालें. त्याच सुमारास पुरंदरच्या बाजूस उमाजी नाइकांनीं रामोशांना घेऊन सरकारास जेरीस आणलें होतें. उमाजींस १८३२ मध्यें पुण्यास फांशी झाली. कोळ्यांचें बंड कॅप्टन मॅकिंटॉश यानें मोडलें.

दुसरें बंड आपल्या अगदीं दारांतलें. १८३९ मध्यें भाऊ खरे, चिमणाजी जाधव व नाना दरबारे यांनीं कोळ्यांस व इतर जातींच्या लोकांस एकत्र करून पेशव्यांच्या नांवानें कारभार जाहीर केला. सुमारें दीडशें लोकांनीं घोडेगांवच्या कचेरीवर व खजिन्यावर चाल केली. खजिना हातीं लागला नाहीं; पुढें लष्कर आलें, जमाव पांगला, आणि धरपकड व शिक्षा झाल्या. तथापि एक गोष्ट ध्यानांत ठेवण्याजोगी आहे. या वेळचा निशाणा सरकारी खजिना होता. डोंगरांतल्या माणसाचा राग अजून राज्यावर होता, सावकारावर नव्हता.

तिसरें बंड राघोजी भांगरे यांचें. रामजींचे हे पुत्र अकोले तालुक्यांतील देवगांवचे. १८४४ पासून त्यांनीं व बापू भांगरे यांनीं नगर, नाशिक व पुणें या जिल्ह्यांच्या सह्याद्रीच्या पट्ट्यांत सरकारास चार वर्षें दम घेऊं दिला नाहीं. जुन्नरचा पश्चिम भागही त्यांत होता. या बंडांत सरकारी शिपायांबरोबर सावकारही प्रथमच ठळकपणें निशाण्यावर आले. त्यांचीं नाकें-कान कापल्याच्या हकीकती त्या वेळच्या कागदांत आहेत. राघोजी २ जानेवारी १८४८ रोजीं पंढरपुरास पकडले गेले व २ मे १८४८ रोजीं ठाण्यास त्यांस फांशी देण्यांत आली.

१८३९ मध्यें खजिना आणि १८४४ मध्यें सावकार, हा फरक कां पडला? त्याचें उत्तर बंदुकींत नाहीं, कागदांत आहे.

खत, मुदत आणि कोर्ट

डोंगरी शेतकऱ्यास कर्ज नवें नव्हतें. ज्येष्ठांत कणगी रिकामी व्हावी, आषाढ-श्रावणांत लावणीच्या दिवसांत खावटी म्हणून सावकाराकडून नाचणी आणावी, आणि कार्तिकांत पीक आल्यावर दिढीनें किंवा दुपटीनें फेडावी, ही रीत जुनीच होती. परंतु जुन्या राज्यांत सावकारास वसुलीसाठीं गांवाच्या पंचांचें तोंड पाहावें लागे. गांवानें पाठ फिरविली तर त्याचें येणें बुडे; म्हणून तो फार ताणीत नसे. व्याज मुद्दलाहून अधिक होऊं नये, हा दामदुपटीचा दंडकही लोकांच्या मनांत होता.

इंग्रजी अंमलांत चार गोष्टी बदलल्या. पहिली, सारा रोख व ठराविक तारखेस भरावयाचा झाला. पीक बरें असो वा वाईट, विकलें गेलेलें असो वा नसो, हप्ता चुकत नसे. म्हणून ज्याच्याजवळ फक्त धान्य, त्यास नाण्यासाठीं सावकाराची पायरी चढावीच लागे. दुसरी, जमीन खातेदाराच्या नांवें झाली. ही गोष्ट वरवर पाहतां चांगली, पण जी जमीन नांवावर चढते, तीच गहाण पडते व लिलांवांत जाते. तिसरी, १८२७ च्या रेग्युलेशनानें व्याजावर घातलेली शेंकडा १२ ची मर्यादा १८५५ च्या कायद्यानें उठली. चौथी, दिवाणी कोर्टें आलीं. कोर्टापुढें गांवाची साक्ष मागें पडली आणि सही-अंगठ्याचा कागद पुढें झाला.

त्यांतच १८५९ चा मुदतीचा कायदा आला. सरकारचा हेतु शेतकऱ्याचें हित हाच होता: सावकारानें तीन वर्षांच्या आंत दावा लावावा, म्हणजे जुनीं कर्जें सांचून राहूं नयेत. पण परिणाम उलटा झाला. मुदत संपत आली कीं सावकार शेतकऱ्यास बोलावी व मुद्दल-व्याज एक करून नवें खत लिहून घेई. हें कसें चाले तें एका उदाहरणानें पाहूं. समजा, कोणी १०० रुपये शेंकडा २५ व्याजानें काढले. तीन वर्षांनीं ७५ रुपये व्याज होऊन १७५ चें नवें खत झालें. पुढील तीन वर्षांनीं तें ३०६ रुपये ४ आण्यांचें झालें. आणखी तीन वर्षांनीं ५३६ च्या जवळ गेलें. खत न बदलतां सरळ व्याज धरलें असतें तर नऊ वर्षांत ३२५ झाले असते. आणि दामदुपटीनें २०० च्या वर एक पैसाही मागतां आला नसता. घेतलेले रुपये तेच शंभर. मधल्या काळांत शेतकऱ्यानें दिलेलें धान्य, तूप, हिरडा किंवा वेठ पुष्कळदां वहींत जमाच झालें नाहीं, कारण पावती देण्याची रीत नव्हती व शेतकऱ्यास वही वाचतां येत नव्हती. वर कोर्टाचा हुकूमनामा झाला म्हणजे घर, भांडीं, बैल व शेत यांची जप्ती, आणि ऋणकोस दिवाणी तुरुंग.

येथें एक न्यायाची गोष्ट सांगितली पाहिजे. प्रत्येक सावकार लबाड होता असें नाहीं, आणि पेरणीच्या वेळीं कर्ज देणारा कोणीच नसेल तर शेती चालत नाहीं. दोष असा कीं, देणारा व घेणारा यांपैकीं एकासच अक्षर कळत होतें, आणि राज्याचें सर्व बळ त्या अक्षराच्या पाठीशीं उभें होतें.

जांभोरीचे होनाजी केंगले

१८५७ च्या धामधुमींत सरकारनें याच कोळी लोकांची एक पलटण उभारली व ती १८६१ मध्यें मोडली. शिपाई आपापल्या गांवीं परतले. पुढील बारा वर्षांत वर सांगितलेलें चक्र डोंगरांत पुरतें फिरलें.

आंबेगांव तालुक्यांतील जांभोरी गांवचे होनाजी भागोजी केंगले यांनीं १८७३ मध्यें लहानशी परंतु शिस्तीची टोळी जमवून सावकारांवर हल्ले सुरू केले. आंबेगांव त्या वेळीं खेड तालुक्याचा पेटा असून त्याची कचेरी घोडेगांवीं होती. टोळीची रीत अशी कीं सावकाराचें घर गांठावें, खतें व वह्या बाहेर काढाव्यात, आणि कित्येकदां त्याचें नाक कापावें. ही क्रूरता कोणी वाखाणावी असें नाहीं. पण तिचा अर्थ समजून घेतला पाहिजे. नाक कापणें ही अब्रू घेण्याची जुनी शिक्षा. ज्यानें कागदाच्या जोरावर आमची अब्रू घेतली त्याची अब्रू आम्हीं घेतली, असें त्यांचें म्हणणें दिसतें. खुद्द सरकारी गॅझेटियरांतही असें नमूद आहे कीं, सावकार डोंगरी लोकांस नेहमीं फसवीत व छळीत आणि अधूनमधून त्यांस गुन्ह्यास प्रवृत्त करीत.

१८७४ मध्यें सरकारनें होनाजींस पकडून देणारास १,००० रुपये व त्यांच्या सोबत्यांबद्दल २०० ते ६०० रुपये इनाम लावलें. कर्नल स्कॉट व सिंक्लेअर या अधिकाऱ्यांच्या हाताखालीं पोलिसांची खास तुकडी डोंगरांत पाठविली. सोबती सांपडले, होनाजी सांपडले नाहींत. त्या काळीं हजार रुपये म्हणजे डोंगरांतल्या कुटुंबास जन्मभर पुरेल अशी रक्कम. तरी महिन्यामागून महिने गेले आणि कोणी तोंड उघडलें नाहीं. एका टोळीची ही गोष्ट सबंध खोऱ्याची कशी झाली, हें त्या न दिलेल्या खबरेवरून कळतें. अखेर १८७६ मध्यें पोलीस सुपरिंटेंडेंट मेजर डॅनियल यानें त्यांस पकडलें. १८७९ मध्यें वासुदेव बळवंत फडके यांस पकडणारा अधिकारी तो हाच. फडक्यांनींही रामोशी व कोळी यांचेंच साहाय्य घेतलें होतें. तें या मालिकेंतलें शेवटचें प्रकरण म्हणतां येईल, जरी त्याचा विस्तार आपल्या दोन तालुक्यांपुरता नव्हता.

डोंगरांतली ठिणगी मैदानांत

होनाजींच्या धाकानें पुणें व नगर जिल्ह्यांच्या पश्चिम भागांतील सावकार गांव सोडून पळूं लागले. ही बातमी पूर्वेकडील मैदानी शेतकऱ्यांस लागली. तेथें वेगळ्या कारणानें आग सांचली होती. अमेरिकेंतील १८६१ ते १८६५ च्या यादवी युद्धानें कापसाचा भाव चढला, सावकारांनीं सढळ हातानें कर्ज दिलें. युद्ध संपतांच भाव कोसळला, कर्ज मात्र राहिलें. त्यांतच तीस वर्षांची मुदत संपून इंदापूर आदि तालुक्यांत साऱ्याची फेरतपासणी झाली व सारा बराच वाढला. डोंगरांत कापूस नव्हता, मैदानांत होता. पण खत दोन्हीकडे एकच होतें.

१२ मे १८७५ रोजीं सुपें येथें बाजाराच्या दिवशीं जमाव सावकारांच्या घरांवर चालून गेला. तेथून दंगे पुणें व नगर जिल्ह्यांत पसरले. बहुतेक ठिकाणीं लोकांनीं जीव घेतला नाहीं. खतें मागून घेतलीं व जाळलीं. ९५१ लोकांस अटक झाली. पण मुंबई सरकारला चौकशी-मंडळ नेमावें लागलें आणि त्याच्या अहवालावरून १८७९ मध्यें डेक्कन अ‍ॅग्रिकल्चरिस्ट्स रिलीफ अ‍ॅक्ट या नांवानें प्रसिद्ध असलेला कायदा पुणें, सातारा, सोलापूर व नगर या चार जिल्ह्यांस लागू झाला.

त्या कायद्याचीं मुख्य कलमें पाहिलीं तर बंडवाल्यांची फिर्यादच कलमवार लिहिली आहे असें वाटतें. कोर्टानें नुसत्या खतावर न जातां कर्जाच्या मुळापासून हिशेब पाहावा. सावकारानें पावती व हिशेबाचा उतारा द्यावा. शेतकऱ्याचें खत गांवच्या रजिस्ट्रारापुढें व्हावें. कर्जासाठीं शेतकऱ्यास तुरुंगांत टाकूं नये. जी जमीन स्पष्टपणें गहाण दिलेली नाहीं ती हुकूमनाम्यांत विकूं नये. फेड हप्त्यांनीं करूं द्यावी. १९०५ मध्यें हा कायदा मुंबई इलाख्यांत सर्वत्र लागू झाला.

यानें सर्व दुःख निवारलें असें मात्र नाहीं. गहाणखतावर कोर्टाची नजर आली तेव्हां कित्येक सावकार गहाणाऐवजीं सरळ खरेदीखत लिहून घेऊं लागले व परत देण्याचें वचन तोंडीं देऊं लागले. पुढें कायद्यांत दुरुस्ती करून अशा खरेदीच्या मागें खरोखर गहाण होतें काय हें पाहण्याचा अधिकार कोर्टास द्यावा लागला. यावरून एक धडा मिळतो: कायदा कर्जाची वाट अडवितो, कर्जाची गरज भागवीत नाहीं. ही उणीव ओळखून १८८२ च्या सुमारास वेडरबर्न यांनीं पुरंदर तालुक्यासाठीं शेतकी पेढीची योजना मांडली व न्यायमूर्ति रानडे यांनीं तिला पाठिंबा दिला. ती विलायतेंत मंजूर झाली नाहीं. शेवटीं १९०४ मध्यें सहकारी पतपेढ्यांचा कायदा झाला. आज आपण सोसायटीच्या कचेरींत पीककर्जाचा अर्ज देतों, पासबुक घेतों, पावती मागतों. त्या पावतीच्या मुळाशीं सुप्याचा बाजार आहे, आणि सुप्याच्या मागें जांभोरीचा डोंगर आहे.

ज्यांनीं मिळविलें त्यांना काय मिळालें

आतां कांहीं कडू गोष्ट. कायद्याचा लाभ मैदानांतील वाचणाऱ्या-लिहिणाऱ्या खातेदारास अधिक झाला. डोंगरी शेतकऱ्यावर दुसरेंच संकट आलें. १८७८ च्या जंगल कायद्यानें राखीव जंगलें झालीं. भाताच्या रोपासाठीं राब भाजावयाचा तर पालापाचोळा व टहाळ लागते. नाचणी-वरईसाठीं उतार पाळीपाळीनें पडीक टाकावा लागतो. हिरडा व मध तर जंगलाचेच. या प्रत्येक कामास आतां परवानगी लागूं लागली, आणि जी जमीन आजोबा कसत होते ती नकाशावर जंगल ठरली. सावकाराच्या खतांतून जो सुटला तो जंगलखात्याच्या नकाशांत अडकला.

स्वराज्य आल्यावर कायदे सुधारले. १९७४ मध्यें आदिवासींची जमीन बिगर-आदिवासींकडे परवानगीवांचून जाऊं नये व गेलेली परत मिळावी, असे कायदे महाराष्ट्रांत झाले. खावटी कर्ज देण्याचें व हिरडा खरेदीचें काम आदिवासी विकास महामंडळाकडे आलें. ज्या खावटीनें होनाजींची पिढी बुडाली तिच्याच नांवानें पुढें सरकारी कर्ज मिळावें, हा या इतिहासाचाच ठसा आहे. आणि २००६ च्या वनहक्क कायद्यानें तर १८५९ ची रीत उलटी फिरविली. त्या कायद्याच्या नियमांत गांवच्या वडीलधाऱ्या माणसाचें लिहून घेतलेलें निवेदन हा पुरावा म्हणून धरला जातो आणि दाव्याची सुरुवात ग्रामसभेपासून होते. दीडशें वर्षांपूर्वीं कागदापुढें ज्या तोंडी साक्षीची किंमत उरली नव्हती, ती पुन्हां मोजली जाऊं लागली.

याच तालुक्यांतील म्हाळुंगे पडवळचे बाबू गेनू १२ डिसेंबर १९३० रोजीं मुंबईंत परदेशी कापडाच्या गाडीखालीं हुतात्मा झाले. शेतकऱ्याच्या घरचा हा बाविशींतला मुलगा पोटासाठीं मुंबईस गेला होता. घोड नदीवरील डिंभें धरणाच्या जलाशयास त्यांचें नांव आहे. त्या पाण्याखालीं जुनें आंबेगांव व डोंगरी लोकांचीं भातखाचरें गेलीं. आणि कुकडी प्रकल्पाच्या कालव्यांतून तें पाणी आपल्या व शिरूर, श्रीगोंदें, कर्जत, करमाळ्याकडील मळ्यांस येतें. ज्यांचीं शेतें गेलीं त्यांनीं जलाशयाच्या कांठीं पाणी ओसरल्यावर उघड्या पडणाऱ्या गाळांत पीक घेतलें, मासेमारीचे हक्क मागितले व मिळविले, आणि उतार फोडून नवीं खाचरें बांधण्याची आपली पडकईची रीत चालूं ठेवली. पडकईंत पांच-सात घरें मिळून आज एकाच्या, उद्यां दुसऱ्याच्या शेतावर बांध घालतात. मजुरी कोणी घेत नाहीं. कर्ज न काढतां जमीन वाढविण्याची ही जुनी युक्ति आहे.

आपलें कर्तव्य

या इतिहासांतून सभासदांनीं पुढील गोष्टी उचलाव्यात, अशी विनंति आहे. न वाचतां अंगठा वा सही देऊं नये. घरांतल्या शिकलेल्या मुला-मुलीकडून कागद मोठ्यानें वाचवून घ्यावा. जेवढें फेडलें तेवढ्याची पावती त्याच दिवशीं घ्यावी. सात-बारा व फेरफार वर्षांतून एकदां तरी पाहावा. नोंद चुकली तर ती चूक बोलत नाहीं, पण वाढत जाते. कोणी गहाणाऐवजीं खरेदीखत मागूं लागला तर तेथूनच उठावें. जुनें कर्ज फेडण्यास नवें काढण्यापूर्वीं, वरचें शंभराचे पांचशें छत्तीस होण्याचें गणित एकदां स्वतःच्या हातानें मांडून पाहावें.

आणि एक गोष्ट डोंगरी शेजाऱ्याविषयीं. त्याचा वनहक्काचा दावा ग्रामसभेपुढें किंवा तालुक्यास पडून असेल, आणि आपल्यापैकीं कोणास अर्ज लिहितां येत असेल, नकाशा समजत असेल, तर एक दिवस त्याच्यासाठीं द्यावा. आपल्या पावतीसाठीं त्याच्या पणजोबानें किंमत दिली आहे, आणि आपल्या पाटाचें पाणी त्याच्या शेतावरून आलें आहे. हें देणें कोणत्याच खतांत लिहिलेलें नाहीं. म्हणूनच तें आपण होऊन फेडलें पाहिजे.